सोलापुरात राहून डीजे आणि म्युझिक प्रोड्यूसर कसे व्हावे

सोलापुरात ‘डीजे’ हा शब्द उच्चारला की ऐकणाऱ्याच्या डोळ्यांपुढे ट्रॉलीवर रचलेली स्पीकरची भिंत उभी राहते. ‘यंदा मंडळाचा डीजे कुणाचा?’ असे कोणी विचारले तर ती चौकशी साउंडवाल्याची असते. त्यामुळे या क्षेत्रात उतरू पाहणाऱ्या मुलाने किंवा मुलीने घरी हा विषय काढताना आपण नेमके काय करणार आहोत, हे आधी नीट सांगितले पाहिजे. या लेखात डीजे म्हणजे समोरच्या माणसांचा कल ओळखून, एकामागून एक गाणी ताल न तुटता जोडत नेणारा कलाकार. आणि प्रोड्यूसर म्हणजे संगणकावर स्वतःची नवी इलेक्ट्रॉनिक नृत्यरचना बांधणारा, म्हणजे संगीतकार, संयोजक आणि ध्वनिमुद्रक ही तिन्ही कामे एकट्याने करणारा माणूस. आजच्या काळात या दोन्ही भूमिका बहुधा एकाच माणसाला पार पाडाव्या लागतात, कारण डीजेचे नाव त्याच्या स्वतःच्या ट्रॅकमुळे दूरवर जाते आणि प्रोड्यूसरचे घर बऱ्याचदा डीजेच्या सुपाऱ्यांवर चालते.

मोठ्या शहरात क्लब असतात आणि आपल्याकडे नाहीत, ही तक्रार मी अनेक वर्षे ऐकत आलो आहे. ती खरी आहे, पण सोलापूरच्या वर्षाला स्वतःची अशी एक सोयीची घडण आहे. तुळशीच्या लग्नानंतर लग्नसराई सुरू होते आणि उन्हाळाभर हळदी, संगीत, वराती, स्वागतसमारंभ यांची कामे मिळत राहतात. आषाढात चातुर्मास लागला की लग्ने थांबतात आणि कार्तिकापर्यंत, गणेशोत्सव व नवरात्र सोडल्यास, हाताशी बराच वेळ उरतो. पहिला हंगाम डीजेचा आणि दुसरा स्टुडिओचा, अशी वर्षाची सरळ विभागणी करून चालणाऱ्याला पुण्या-मुंबईला न जाताही पहिली चार-पाच वर्षे भक्कम पायावर उभी करता येतात.

आधी कान

उपकरण विकत घेण्यापूर्वी किमान तीन महिने नुसते ऐकण्यात घालवावेत. हाऊस संगीत १९८०च्या दशकाच्या पूर्वार्धात शिकागोत आकाराला आले आणि फ्रँकी नकल्स हे त्यातील आद्य डीजेंपैकी एक. टेक्नो डेट्रॉइटमध्ये वान ॲटकिन्स, डेरिक मे आणि केव्हिन सॉन्डरसन यांच्या हातून घडले. ट्रान्स १९९०च्या दशकात प्रामुख्याने जर्मनीत बहरला. ही माहिती परीक्षेसाठी नाही. हाऊस साधारण १२० ते १३० बीपीएमवर (बीपीएम म्हणजे मिनिटाला पडणारे ठोके) चालते, ट्रान्स १३० ते १४०च्या आसपास आणि ड्रम अँड बेस १७०च्या पुढे. कोणते गाणे कोणत्या घराण्याचे आहे हे कळले, तरच ते कशाला जोडता येईल हे कळते. या इतिहासात आपलाही एक माणूस आहे. मुंबईच्या चित्रपटसंगीतात वादक म्हणून काम करणाऱ्या चरणजित सिंग यांनी १९८२ मध्ये रोलंड कंपनीच्या टीआर-८०८ आणि टीबी-३०३ या यंत्रांवर राग वाजवून एक संपूर्ण तबकडी काढली. त्याच टीबी-३०३चा चिवचिवता, वळणारा बेस पुढे शिकागोच्या ॲसिड हाऊसची ओळख ठरला, पण ती मंडळी तिथवर पोहोचायला आणखी काही वर्षे लागली.

ऐकताना मोजावे. बहुतेक नृत्यसंगीत चार ठोक्यांच्या बारमध्ये बांधलेले असते, आठ बार म्हणजे ३२ ठोके झाले की रचनेत काहीतरी बदलते: हाय-हॅट (झांजेसारखा ठोका) येते, बेस जातो, आवाज शिरतो. १२४ बीपीएमला हे ३२ ठोके साधारण साडेपंधरा सेकंदांत संपतात. बसमध्ये, चालताना, जेवताना बोटांवर ही मोजणी सुरू ठेवली, तर दोन-तीन आठवड्यांत ‘आता बदल येणार’ हे आधीच जाणवू लागते, आणि डीजेच्या कामाचा निम्मा भाग या जाणिवेवरच उभा आहे.

दोन गाणी जोडणे

सुरुवातीला लॅपटॉप, दोन डेकचा, म्हणजे दोन गाणी वेगवेगळी चालवणारा, साधा कंट्रोलर आणि बाहेरचा आवाज अडवणारा बंद हेडफोन एवढे पुरते. नवा कंट्रोलर घेण्याची ऐपत नसेल तर जुना घ्यावा. मात्र जॉग व्हील (गाणे पुढे-मागे ढकलणारी चकती) आणि पिच फेडर (वेग बदलणारी सरकपट्टी) स्वतः हाताळून पाहिल्याशिवाय पैसे देऊ नयेत. सॉफ्टवेअर रेकॉर्डबॉक्स असो, सेराटो असो वा आपल्याकडे बहुतेकांच्या लॅपटॉपवर असणारे व्हर्च्युअल डीजे असो, पहिले सहा महिने ‘सिंक’ हे दोन गाण्यांचा ताल आपोआप जुळवणारे बटण दाबायचे नाही, असा नेम ठेवावा. ते दाबणे वाईट म्हणून नव्हे, तर ज्या दिवशी सॉफ्टवेअर गाण्याचा वेग चुकीचा मोजते त्या दिवशी कानाशिवाय दुसरे काही हाताशी नसते.

समजा, पहिल्या डेकवर १२४ बीपीएमचे गाणे वाजत आहे आणि दुसऱ्यावर १२६चे लावायचे आहे. दुसऱ्याचा पिच फेडर उणे १.६ टक्क्यांच्या जवळ आणावा, एका कानावर हेडफोन ठेवून दुसरे गाणे पहिल्या ठोक्यावर सोडावे आणि दोन्ही किक (तालाचे जाड मुख्य ठोके) एकमेकींवर बसतात का, ते ऐकावे. बसत नसतील तर एकाच ठोक्याऐवजी घोड्याच्या टापांसारखा दुहेरी ठोका ऐकू येतो. दुसरे गाणे मागे पडत असेल तर जॉग व्हील बोटाने किंचित पुढे ढकलावे, पुढे पळत असेल तर किंचित रोखावे. आणि तीच चूक पुन्हा होत असेल तर पिच फेडरच केसभर हलवावा. ठोके जुळल्यावर ३२ ठोक्यांच्या नव्या आवर्तनाच्या आरंभी दुसरे गाणे बेस पूर्ण कापून आत आणावे आणि पुढच्या आवर्तनाच्या पहिल्या ठोक्यावर एका हाताने पहिल्याचा बेस खाली व दुसऱ्या हाताने दुसऱ्याचा बेस वर, अशी अदलाबदल करावी. दोन बेसलाइन एकाच वेळी वाजल्या की आवाज गढूळ होतो आणि ॲम्प्लिफायरवर नाहक ताण येतो. ही एकच कृती रोज तासभर, दोन महिने करावी. सुरांचे जुळणे, म्हणजे एकमेकांना मानवणाऱ्या स्वरपट्टीतील गाणी शेजारी ठेवणे, हे त्यानंतर शिकावे. ज्याचा कान पेटीवर किंवा गाण्यात तयार झाला आहे, त्याला ते फार जड जात नाही.

मंगल कार्यालय ही शाळा आहे

क्लबमध्ये वाजवण्याची स्वप्ने पाहणारी मुले लग्नाच्या कामाला कमी लेखतात, हे मला मनापासून खटकते. सोलापूरच्या एका हळदीत मराठी, तेलुगू, कन्नड आणि हिंदी अशा चार भाषांतील गाण्यांची फर्माईश एका तासात येऊ शकते. पूर्व भागातील पद्मशाली कुटुंबाच्या कार्यात तेलुगू गाण्यांचा साठा नसलेला डीजे अर्ध्या तासात उघडा पडतो. अक्कलकोटकडच्या पाहुण्यांना कन्नड हवे असते. आणि नवरदेवाच्या पुण्यात नोकरी करणाऱ्या मित्रांना हाऊस ऐकायचे असते. आजी, मावशी, लहान मुले आणि ते मित्र या सगळ्यांना दोन तास एकाच अंगणात धरून ठेवण्याची ही कसरत ज्याने तीन हंगाम केली, त्याला माणसे वाचता येऊ लागतात. गाण्यांचे फोल्डर भाषेप्रमाणे करावेतच, शिवाय प्रत्येक भाषेत वेगाप्रमाणे लावावेत, म्हणजे ९५ बीपीएमच्या तेलुगू गाण्यावरून त्याच वेगाच्या मराठी गाण्यावर जाताना शोधाशोध करावी लागत नाही.

माझ्या पहिल्या मोठ्या सुपारीत मी फजीत झालो होतो आणि ती चूक दुसऱ्या कुणाकडून होऊ नये असे मला वाटते. होटगी रस्त्यावरच्या एका कार्यालयात संगीताचा कार्यक्रम होता. लॅपटॉप घरी ठेवून मी सगळी गाणी एका पेनड्राइव्हवर नेली होती आणि भाड्याने आलेल्या प्लेअरने तो पेनड्राइव्ह वाचलाच नाही, कारण मी तो एनटीएफएस पद्धतीने फॉरमॅट केला होता. शंभरेक माणसे खुर्च्यांवर वाट पाहत असताना शेवटी नवरीच्या मामांनी स्वतःच्या मोबाइलवरून गाणे लावले. तेव्हापासून माझ्याजवळ एफएटी-३२ पद्धतीने फॉरमॅट केलेले, तंतोतंत सारखे दोन पेनड्राइव्ह असतात आणि निकडीसाठी तासभराचा तयार मिक्स फोनमध्ये असतो. जनरेटरवर जाताना वीज क्षणभर तुटते आणि स्वतंत्र प्लेअर बंद पडतात, म्हणून छोटा यूपीएस न्यावा. लॅपटॉपचा चार्जर लावताच स्पीकरमधून घूं असा आवाज येऊ लागला तर तो अर्थिंगचा दोष असतो. मधे आयसोलेटर लावला की बहुधा थांबतो. एप्रिल-मेमध्ये पारा चाळिशीपलीकडे जातो तेव्हा उघड्या मांडवात लॅपटॉपखाली हवा खेळेल असा स्टँड हवा आणि वाजवत नसताना कंट्रोलरवर जाडसर सोलापुरी टॉवेल टाकलेला हवा, कारण आपल्याकडची बारीक धूळ फेडरमध्ये शिरली की त्यांतून खरखर सुरू होते.

सुपारी तोंडी घेऊ नये. तारीख, वाजवण्याचे तास, जादा तासाचा दर, साउंड कुणाचा, जेवण व प्रवास कुणाकडे आणि इसार किती, एवढे व्हॉट्सॲपवर लिहून दोन्हीकडून ‘मान्य’ असे आल्याखेरीज तारीख अडवू नये. निम्मी रक्कम आधी आणि उरलेली कार्यक्रम सुरू होण्यापूर्वी घ्यावी. वरात संपल्यावर पैसे मागणे दोन्ही पक्षांना अवघड जाते.

चातुर्मासातील काम: स्वतःचा ट्रॅक

एफएल स्टुडिओ, एबलटन लाइव्ह, लॉजिक किंवा रीपर यांपैकी कोणतेही एक सॉफ्टवेअर निवडावे आणि दोन वर्षे ते बदलू नये. चोरीची प्रत वापरू नये, कारण तीबरोबर व्हायरस येतात, अपडेट मिळत नाहीत आणि स्वतःच्या कामाचा मोबदला मागणाऱ्याने दुसऱ्याच्या कामाचा मोबदला बुडवणे बरे नव्हे. खोलीत आवाज घुमण्याचा प्रश्न आपल्याकडे सगळे चादरीने सोडवू पाहतात. भिंतीवर टांगलेली सोलापुरी चादर टाळ्यांचा खणखणाट आणि वरच्या पट्टीतील गुंज कमी करते, पण बेसवर तिचा परिणाम जवळजवळ होत नाही. त्यासाठी कोपऱ्यांत चार ते सहा इंच जाडीच्या, रॉकवूल किंवा घट्ट कापूस भरलेल्या चौकटी उभ्या कराव्या लागतात. तेवढे जमेपर्यंत बेसचा निर्णय चांगल्या हेडफोनवर घ्यावा.

ट्रॅकमध्ये सोलापूर कसे आणावे, हा मला सर्वात जवळचा विषय आहे. एका दुपारी मी अशोक चौकाच्या बाजूला एका ओळखीच्या कारखान्यात, मालकाची आणि मागावरच्या कामगाराची परवानगी घेऊन यंत्रमाग ध्वनिमुद्रित केला. धोटा एका टोकावर आदळतो तो ठोका कोरडा आणि टणक असतो, परतीचा किंचित बोजड. आणि त्या मागाचे ठोके मोजले तर मिनिटाला ११८ भरले, म्हणजे संथ हाऊसचाच वेग. घरी येऊन त्यातील एकच ठोका कापला, २०० हर्ट्झखालचा भाग गाळला आणि टाळीच्या जागी, दुसऱ्या व चौथ्या ठोक्यावर ठेवला. मागांच्या शेडमध्ये गोंगाट फार असतो, म्हणून ध्वनिमुद्रण करणाऱ्याने इअरप्लग घालावेतच.

हलगीचे तंत्र वेगळे आहे. वादक ती विस्तवावर शेकून ताणतो आणि तिचा ठोका इतका तीव्र असतो की माइक अगदी जवळ ठेवला तर आवाज फाटतो. तीन-चार फुटांवर, थोड्या तिरप्या कोनात माइक ठेवून सर्वोच्च पातळी उणे १२ डेसिबलच्या वर जाऊ देऊ नये. आपले अनेक ठेके सहा मात्रांच्या झोक्याचे असतात, तर हाऊसची किक सरळ चार ठोक्यांची. दोन्ही एकत्र बसवताना किकच्या प्रत्येक ठोक्याचे चारऐवजी तीन भाग करणारी ट्रिप्लेट ग्रिड निवडावी आणि हलगीचे आघात तिच्यावर ठेवावेत. मग १२४ बीपीएमच्या सरळ किकवर सहाचा झोका आपोआप डोलू लागतो. आघात यंत्रासारखे अचूक रेषेवर ओढू नयेत, वादकाच्या हातातले मागेपुढे तसेच राहू द्यावे. वादकाला मानधन द्यावे आणि ट्रॅकवर त्याचे नाव घालावे. मराठी भाषा आणि हाऊस यांची सांगड परदेशी लेबललाही (गाणी प्रसिद्ध करणाऱ्या कंपनीलाही) रुचते, हे २०२४ मध्ये दिसले आहे. क्रेटेक्स आणि श्रेयस यांचा मराठी हाऊस ट्रॅक त्या वर्षी स्पिनिन या डच लेबलवरून आला आणि देशभर वाजला.

नवोदितांचा खरा अडसर मात्र साधनांचा नसतो. आठ बारचा सुरेख लूप (पुन्हा पुन्हा फिरणारा तुकडा) तयार होतो, तो रात्रभर ऐकला जातो आणि तिथेच सोडला जातो. अशा लूपांनी हार्ड डिस्क भरतात. म्हणून आषाढ ते कार्तिक या चार महिन्यांत चार ट्रॅक, प्रत्येक महिन्याच्या अखेरीस एक, पूर्ण करण्याचा नियम करावा. आरंभी ३२ बार नुसता ताल ठेवावा, कारण १२४ बीपीएमला तो जवळपास एक मिनिट चालतो आणि दुसऱ्या डीजेला जोडायला तेवढी जागा लागते. मग सुरावट, मध्ये ठोके थांबून येणारा विसावा, तिथून चढण आणि पुन्हा पूर्ण ताल. मिक्स करताना सुमारे १०० हर्ट्झखालचे सगळे मोनोमध्ये, म्हणजे दोन्ही स्पीकरमधून सारखेच, ठेवावे. शेवटी ट्रॅक मोबाइलवर, रिक्षातल्या स्पीकरवर आणि साउंडवाल्याच्या गोदामात ऐकावा. ही शेवटची सोय आपल्याकडे मुबलक आहे: ओळखीचा साउंडवाला दुपारी बेस तपासायला काढतो तेव्हा पाच मिनिटे आपली किक त्यावर मर्यादित आवाजात लावून पाहता येते, आणि १८ इंची स्पीकरवर जो दोष कळतो तो घरच्या हेडफोनवर कधीच कळत नाही.

आवाज, कायदा आणि कान

मिरवणुकीतील कर्कश डीजेविरुद्ध सोलापूरकरांनी जो आवाज उठवला आहे, तो मला रास्त वाटतो. ध्वनिप्रदूषण नियम २०००नुसार रात्री १० ते सकाळी ६ या वेळेत उघड्यावर ध्वनिक्षेपक वाजवता येत नाही. राज्य सरकार वर्षातून जास्तीत जास्त १५ दिवस मध्यरात्रीपर्यंत सवलत देऊ शकते. निवासी भागासाठी दिवसाची मर्यादा ५५ आणि रात्रीची ४५ डेसिबल आहे, आणि रुग्णालय, शाळा, न्यायालय यांच्या भोवतीचा १०० मीटरचा परिसर शांतता क्षेत्र मानला जातो. पोलीस परवानगी यजमानाने काढली आहे का, हे सुपारी घेतानाच विचारावे आणि दहाच्या ठोक्याला थांबणार हेही तेव्हाच सांगावे.

स्वतःच्या कानांचा हिशेबही असाच कठोर आहे. ८५ डेसिबलचा आवाज आठ तास सोसता येतो असे मानले, तर प्रत्येक तीन डेसिबल वाढीला हा वेळ निम्मा होतो. म्हणजे १०० डेसिबलला जेमतेम १५ मिनिटे. वादकांसाठी मिळणारे, सर्व पट्ट्या सारख्या कमी करणारे इअरप्लग पहिल्या कमाईतून घ्यावेत. गेलेली श्रवणशक्ती परत येत नाही. झोपेचेही तेच आहे; अविची या नावाने जगाला माहीत असलेल्या स्वीडिश डीजे टिम बर्गलिंग यांनी २०१६ मध्ये, वयाच्या अवघ्या २६व्या वर्षी, दौरे थांबवण्याचे जाहीर केले आणि २०१८ मध्ये ते गेले. सलग रात्रींच्या सुपाऱ्या घेताना हे विसरू नये.

कॉपीराइट कायदा १९५७ लग्नविधी, वरात आणि लग्नाशी निगडित समारंभांत गाणी वाजवण्यास मुभा देतो, पण हॉटेल, क्लब किंवा तिकिटाचा कार्यक्रम असेल तर आयोजकाला परवाना घ्यावा लागतो. दुसऱ्याच्या गाण्याचा रिमिक्स लेखी परवानगीशिवाय प्रसिद्ध करू नये. सेवेची वार्षिक उलाढाल २० लाख रुपयांच्या पुढे गेली की जीएसटी नोंदणी लागते. त्याआधीही प्रत्येक कामाचे बिल करावे आणि विवरणपत्र भरावे, नाहीतर पुढे कर्ज काढताना उत्पन्न दाखवता येत नाही.

सोलापूरबाहेर जाताना

चार ट्रॅक पूर्ण झाले की त्यांतील उत्तम दोन निवडून वितरक सेवेमार्फत (गाणी ऐकण्याच्या ॲपवर पोहोचवणाऱ्या कंपनीमार्फत) प्रसिद्ध करावेत. प्रत्येक ध्वनिमुद्रणाला आयएसआरसी हा ओळख क्रमांक मिळतो तो नोंदवून ठेवावा, संगीतकार म्हणून आयपीआरएसचे (संगीतकार-गीतकारांचे मानधन गोळा करणाऱ्या संस्थेचे) सदस्यत्व घ्यावे आणि स्पॉटिफायच्या संपादकांकडे ट्रॅक सुचवायचा असेल तर प्रसिद्धीच्या किमान सात दिवस आधी तो पाठवावा. लेबलला पाठवताना फाइल जोडू नये, खासगी दुवा द्यावा, आणि त्या लेबलचे अलीकडचे दहा ट्रॅक ऐकून आपला त्यांत शोभतो का, हे आधी ठरवावे.

पुण्यातील पहिले काम बहुधा मुख्य कलाकाराच्या आधी वाजवण्याचे असते. हुतात्मा एक्स्प्रेसने सकाळीच निघावे, प्रवास आणि मुक्कामाचा खर्च मानधनातून वेगळा धरावा, आणि तिथे कोणते प्लेअर आहेत हे दोन दिवस आधी विचारून पेनड्राइव्ह त्याप्रमाणे तयार करावेत. लोक अजून येत असतात, तेव्हा ११८ ते १२२ बीपीएमच्या पुढे जाऊ नये आणि मुख्य कलाकाराचा कोणताही ट्रॅक वाजवू नये. त्यांच्या सेटचा वेग साधारण कुठून सुरू होतो, हे त्यांना आधीच विचारून घ्यावे. शेवटचे गाणे असे निवडावे की त्याच्या अखेरीस निदान ३२ बार नुसता ताल उरेल, आवाजाची पातळी आपल्याला मिळाली होती तिथेच ठेवावी, हेडफोन काढून बाजूला व्हावे आणि त्यांची किक आपल्या किकवर बसेपर्यंत तिथेच थांबावे.